उडणाऱ्या माणसाला घर हवंच

सुपरहिरोच्या मालिकेत घरगुती प्रसंग आले की कथेत पाणी घातलं, असं म्हणणारे लोक वाढत चालले आहेत. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं. माणूस उडतो, कोसळती इमारत पेलतो, नजरेने पोलाद वितळवतो, हे बघायला प्रेक्षक बसलेला असतो. त्याच्यासमोर मुलाच्या शाळेची तक्रार, बायकोची नाराजी आणि सासऱ्याशी चाललेली धुसफूस मांडणं म्हणजे त्याचा वेळ खाणं. लढाई दहा मिनिटं आणि स्वयंपाकघर अर्धा तास, ही सरळसरळ फसवणूक. घरच दाखवायचं तर त्यासाठी संध्याकाळच्या इतर मालिका आहेत.

हे मत मला मुळापासून चुकीचं वाटतं. मी जिथे राहतो तिथे तर ते जास्तच टोचतं.

आमचं महाळुंगे म्हणजे चाकण-तळेगाव रस्त्यावरचं महाळुंगे इंगळे. पुण्यात बालेवाडीला खेटून आहे ते वेगळं. इथे पाहाल तिकडे मोटारींचे, दुचाकींचे आणि त्यांच्या सुट्या भागांचे कारखाने. कामगार तीन पाळ्यांत येतात-जातात, आणि कंपनीच्या बसमध्ये बसले की बहुतेकांचे मोबाइल बाहेर निघतात. त्यांवर सुपरहिरोंच्या मालिकांचे तुकडे चालू असतात. लढाईचे तुकडे. घरातला प्रसंग आला की अंगठा तो पुढे ढकलतो. एका खोलीत चार-पाच जण राहणारी ही पोरं लातूर, नांदेड, बुलढाण्याची. काही बिहार आणि ओडिशाची. त्यांच्यातल्या एकाला मी विचारलं, मधला भाग का नाही बघत? तो म्हणाला, "घरचं टेन्शन फोनवर रोज ऐकतो काका. परत पडद्यावर कशाला?"

त्या पोरावर माझा राग नाही. रात्रपाळी उभ्याने काढून आलेल्या माणसाने डोळ्यांना जरा सुख द्यावं, यात गैर काय? माझा वाद आहे तो त्याच्या थकव्याचा नियम बनवणाऱ्या शहाण्यांशी. प्रेक्षकाला घर नको असतं, असं ते छातीठोकपणे सांगतात, आणि मालिका लिहिणारेही त्यांचं ऐकू लागले आहेत. शक्तीच्या कथेतून घर काढलं तर मागे शक्तीसुद्धा उरत नाही, एवढंच मला इथे दाखवायचं आहे.

एक गोष्ट आधीच सांगतो. मला नेत्रदीपक दृश्यं आवडतात. हवेत झेप घेणारा माणूस पाहिला की या वयातही माझा श्वास अडतो. लढाई कमी करा, असं मी म्हणत नाही. लढाईला वजन कशामुळे येतं, एवढाच माझा प्रश्न आहे.

ज्याला गोळी लागत नाही, आगीने भाजत नाही, उंचावरून पडून मोडत नाही, त्याच्या मारामारीत धोका कुणाला? पहिल्यांदा बघताना थरार वाटतो. दुसऱ्यांदा सवय होते. तिसऱ्या भागात लेखक आणखी मोठा राक्षस आणतो, चौथ्यात त्याहून मोठा, आणि दहाव्या भागापर्यंत पृथ्वी इतक्या वेळा नष्ट होता होता वाचलेली असते की तिची काळजीच वाटेनाशी होते. केवळ तमाशावर उभ्या असलेल्या मालिका अशाच थकतात. यावर उपाय एकच: त्या माणसाला न उचलता येणारी एखादी गोष्ट त्याच्यासमोर ठेवायची. अशा गोष्टी आकाशात नसतात. त्या घरात असतात.

अमेरिकेतल्या 'सुपरमॅन अँड लोइस' या मालिकेने हे किती नेमकं ओळखलं ते पाहण्यासारखं आहे. २०२१ ते २०२४ या काळात तिचे चार हंगाम आले. सुपरमॅनवर तोवर ढीगभर चित्रपट आणि मालिका होऊन गेल्या होत्या, त्याच्या शक्तीबद्दल नवं सांगण्यासारखं काही राहिलं नव्हतं. मग या मालिकेने काय केलं? त्याला दोन किशोरवयीन जुळे मुलगे दिले. एकाला माणसांत जायची धास्ती, दुसरा वरवर सगळं ठीक असलेला. पहिल्याच भागात क्लार्कची, म्हणजे सुपरमॅनची, आई जाते. त्याच भागात त्याच्या वर्तमानपत्राचा मालक बदलतो आणि क्लार्कला नोकरीवरून कमी केलं जातं. जगाला वाचवणाऱ्या माणसाची नोकरी जाते! आमच्या पट्ट्यात ज्यांनी नोकरकपातीची यादी पाहिली आहे, कंत्राट संपल्याचा निरोप ऐकला आहे, त्यांना तो प्रसंग समजावून सांगावा लागणार नाही. आणि सुपरमॅनची शक्ती तिथे कुठे उपयोगी पडते? कुठेच नाही. त्या क्षणी तो माझ्या पातळीवर येतो, आणि म्हणून पुढे तो उडतो तेव्हा मी त्याच्याबरोबर उडतो.

पुढे हे कुटुंब स्मॉलव्हिल या गावी राहायला जातं. तिथे एक धनाढ्य उद्योगपती बंद पडलेल्या खाणी पुन्हा सुरू करण्याचं आश्वासन देतो. रोजगार येणार म्हणून गाव त्याच्या बाजूने. क्लार्कची बायको लोइस पत्रकार असल्यामुळे तिला त्यामागचं काळंबेरं दिसतं, पण गावकऱ्यांना तिचा संताप येतो, कारण त्यांच्या घरात पगार नाही. खलनायकाची खरी ताकद त्याच्या प्रयोगशाळेत नसून गावाच्या गरजेत आहे, हे लेखकांनी ओळखलं होतं. चाकण परिसरात औद्योगिक वसाहत आली तेव्हा जमिनी द्याव्यात की नाहीत, कुणाच्या पोराला कुठे चिकटवून घेणार, पैसा आला तर टिकणार का, यावर घराघरांत भावाभावांत जे बोलणं झालं, ते ज्यांच्या कानी आहे त्यांना स्मॉलव्हिलची ती गावसभा परकी वाटणार नाही. ही सभा 'भरताड' म्हणून कापून टाका, म्हणजे उरेल एक दुष्ट माणूस आणि एक सुष्ट माणूस यांची ढकलाढकली.

तिसऱ्या हंगामात तर मालिकेने टोकच गाठलं. लोइसला स्तनाचा कर्करोग होतो. सुपरमॅनची नजर भिंतीपलीकडचं बघू शकते, त्याचे कान मैलोगणती दूरची हाक ऐकतात, आणि बायकोच्या शरीरात वाढणाऱ्या गाठीसमोर तो हात बांधून उभा आहे. तपासण्या, औषधांच्या फेऱ्या, शस्त्रक्रियेचा निर्णय, मुलांना कधी सांगायचं हा प्रश्न, हे सगळं मालिका घाई न करता दाखवते. आता घरगुती प्रसंगांना पाणी म्हणणाऱ्यांनी मला सांगावं, त्या हंगामातली कुठली लढाई या आजाराच्या तोडीची होती? शिवाय त्या हंगामातल्या खलनायकाच्या बायकोलाही कर्करोग आहे. तिला वाचवण्यासाठीच तो माणसांवर भयंकर प्रयोग करतो आहे. म्हणजे नायक आणि खलनायक यांच्या मधोमध जी लढाई आहे ती दोन घरांतल्या दोन आजारी बायकांमुळे उभी राहिली आहे. घर काढलंत तर लढाईला कारणच उरत नाही. तमाशा आणि कुटुंब यांचा तोल साधला, असं इथे म्हणायचं ते याच अर्थाने. मिनिटं मोजून निम्मं इकडे, निम्मं तिकडे वाटून हा तोल येत नाही. एकातून दुसरं निघावं लागतं.

यावर एक व्यवहारी उत्तर येतं: हे सगळं पैशाचं कारण आहे. संगणकावरची दृश्यं महाग, स्वयंपाकघराचा सेट स्वस्त, म्हणून निर्माते घरात शिरतात आणि मग त्याला कला म्हणतात. यात तथ्य आहेच. 'सुपरमॅन अँड लोइस'च्या चौथ्या हंगामाचा पैसा कमी झाला, भाग १० वर आले, कायमस्वरूपी पात्रं घटवावी लागली. पण स्वस्त म्हणजे सोपं नव्हे. इमारत कोसळवायला पैसे लागतात, आणि पैसे दिले की ती कोसळते. आजारी आईसमोर सोळा वर्षांचा मुलगा काय बोलेल, हे मात्र पैशाने लिहून मिळत नाही. ते ज्याला जमत नाही तो लेखक मोठ्या आवाजाकडे पळतो. आमच्याकडच्या अनेक मालिकांतली घरं कंटाळवाणी असतात, हे मी शंभर वेळा मान्य करतो. तीच वाक्यं, तेच दचकणं, चेहऱ्यावर तीनदा जाणारा कॅमेरा. पण तो दोष आळशी लेखणीचा आहे, घराचा नाही. लढाई वाईट चित्रित केली म्हणून कुणी लढायाच बंद करा म्हणत नाही.

आता आपल्याकडे येऊ. माझ्या पिढीच्या मुलांनी आणि त्यांच्या धाकट्या भावंडांनी पाहिलेला पहिला मोठा भारतीय सुपरहिरो म्हणजे 'शक्तिमान'. सप्टेंबर १९९७ मध्ये दूरदर्शनवर सुरू झाला, २००५ पर्यंत चालला. मुकेश खन्ना यांचा तो गोल गोल फिरत जाणारा नायक, आणि चष्मा लावलेला, पुढे आलेल्या दातांचा, 'आज की आवाज'चा छायाचित्रकार गंगाधर. मला तो आवडायचा, आजही आवडतो. योग, कुंडलिनी, पंचतत्त्वं यांतून शक्ती आणायची ही कल्पना परदेशाची उसनवारी करणारी नव्हती. पण त्या मालिकेच्या मध्यभागी घर नव्हतं. वार्ताहर गीता होती, पण ती कार्यालयात. उशीर का झाला, जेवलास का, काल कुठे होतास, असं रोज विचारणारं गंगाधरच्या मागे कुणी नव्हतं. त्यामुळे त्याच्या शक्तीला आतून अडवणारंही कुणी नव्हतं.

याचा परिणाम काय झाला? शक्तिमान वाचवायला येईल या भरवशावर मुलांनी स्वतःला इजा करून घेतल्याच्या बातम्या त्या काळी वर्तमानपत्रांत आल्या आणि मोठा वाद झाला. त्या बातम्या कितपत खऱ्या होत्या यावरही वाद झाला. तो निकाल मी देणार नाही. मला दिसतं ते इतकंच की पालकांची भीती खरी होती आणि मालिकेला तिची दखल घ्यावी लागली. भागाच्या शेवटी शक्तिमान मुलांशी थेट बोलायचा, 'छोटी छोटी मगर मोटी बातें' सांगायचा. हात धुवा, खरं बोला, मोठ्यांचं ऐका, माझी नक्कल करू नका. हे सांगणं चांगलंच होतं. पण ते कथा संपल्यावर, बाहेरून जोडलेलं होतं. जे काम कथेतल्या आईने, आजीने, शेजाऱ्याने कथेच्या आत केलं असतं, ते नायकाला स्वतः कथेबाहेर येऊन, कॅमेऱ्याकडे बोट करून करावं लागलं. कारण आत घरच नव्हतं.

त्यात आमच्या भागाची एक वेगळी गोष्ट. भोसरी, पिंपरी, चाकण या पट्ट्यातल्या पुष्कळ कारखान्यांची आठवड्याची सुट्टी गुरुवारी असते. रविवारी शाळेला सुट्टी, बापाला नाही. मुलं टीव्हीसमोर आणि बाप मशीनवर, अशी कितीतरी घरं. पडद्यावरचा शक्तिमान कुठल्याही हाकेला धावून येतो, आणि आपला बाप मात्र सुट्टीच्या दिवशीही घरी नाही, हे त्या मुलांनी मनातल्या मनात कसं जुळवलं असेल? त्या मुलांना असा नायक हवा होता जो कामावर गेलेला आहे म्हणून घरी नाही, ज्याला त्याचं वाईट वाटतं, आणि ज्याच्या घरचे त्याला त्याबद्दल सुनावतात. पुढे २०१२ मध्ये सुरू झालेल्या 'बालवीर'ने आपला शक्तिशाली मुलगा एका साध्या कुटुंबात आणून ठेवला, आणि लहान मुलांना तो लगेच आपला वाटला. एवढी साधी गोष्ट होती.

मराठीत मात्र हा प्रश्न कुणाला परदेशातून शिकायची गरज नाही. आपल्याकडे तो शेकडो वर्षं गायला जातो आहे. खंडोबा बघा. मणी आणि मल्ल या दैत्यांचा संहार करणारा मार्तंड भैरव, हातात खड्ग, घोड्यावर स्वार. याहून मोठा नेत्रदीपक नायक कुठे मिळणार? चंपाषष्ठीला आपण तो विजय साजरा करतो. पण वाघ्या-मुरळी जागरणाला उभे राहिले की रात्रीचा मोठा वाटा कशाला जातो? म्हाळसा आणि बाणाईला. नेवाशाच्या वाण्याची लेक म्हाळसा, तिच्याशी पालीला झालेलं लग्न. मग सारीपाटाचा डाव, त्यात देवाची हार, बारा वर्षं घराबाहेर राहण्याची अट. देव चंदनपुरीला धनगराच्या वाड्यावर चाकर होऊन मेंढ्या राखतो. दैत्य मारणारा देव तिथे शेण काढतो. बाणाई मिळावी म्हणून मेंढ्या मारतो आणि पुन्हा जिवंत करतो, म्हणजे त्याचा चमत्कारही संसारासाठीच खर्ची पडतो. दुसरी बायको घेऊन परत आल्यावर म्हाळसा जी भांडते, तिला कुठलंही खड्ग आवरू शकत नाही. शेवटी जेजुरीला वर गडावर म्हाळसा आणि अर्ध्या डोंगरावर बाणाई अशी वाटणी होते. आजही भाविक पायऱ्या चढताना आधी बाणाईच्या देवळाशी थांबतात. घरातली ही तडजोड त्या डोंगराच्या अंगावर दगडात बांधलेली आहे. आमच्या खेड तालुक्यातच निमगाव दावडीला खंडोबाचं मोठं ठाणं आहे. तिथल्या जागरणात बसलेल्या कुठल्याही म्हातारीला विचारा की देवाने दैत्य मारला ते महत्त्वाचं की म्हाळसेने त्याला जाब विचारला ते. ती दोन्ही एकाच दमात सांगेल, कारण तिच्या लेखी ती एकच गोष्ट आहे.

म्हणून 'जय मल्हार'वर झालेली टीका मला तेव्हाही पटली नाही आणि आजही पटत नाही. कोठारे व्हिजनची ही मालिका झी मराठीवर मे २०१४ ते एप्रिल २०१७ चालली. देवदत्त नागे खंडोबा, सुरभी हांडे म्हाळसा, ईशा केसकर बाणाई. तेव्हाच्या मराठी वाहिन्यांच्या मानाने संगणकीय दृश्यांचा पसारा मोठा होता: प्रकट होणं, अदृश्य होणं, अस्त्रं, दैत्य. टीकाकार म्हणाले, देवाच्या कथेत सवतीमत्सर घुसवला, दैवी कथेची सासू-सुनेची मालिका केली. घुसवला? तो होताच. जागरण ज्यांनी कधी ऐकलं नाही त्यांनाच तो उपरा वाटू शकतो. त्या मालिकेवर खरी टीका करायची तर वेगळी करता येईल. कथा ताणली गेली, काही महिने तेच तेच फिरत राहिलं, म्हाळसेच्या रागामागचं दुःख काही वेळा केवळ कुरघोडीपुरतं उरलं. हे दोष मी मानतो. पण देवाला दोन बायकांच्या मधोमध अडकलेला, उत्तर नसलेला नवरा म्हणून दाखवायचं धाडस त्या मालिकेने केलं, आणि महाराष्ट्राच्या घराघरांनी तो देव आपला मानला, तो त्याच्या खड्गापेक्षा या अडचणीमुळे.

आणखी मागे जायचं तर देहू आमच्यापासून हाकेच्या अंतरावर आहे. दुसऱ्या बाजूला भामचंद्र डोंगर, जिथे तुकोबांनी एकांतात चिंतन केलं असं वारकरी मानतात, आणि ज्याच्या पायथ्यापर्यंत आता कारखान्यांची वसाहत पोचली आहे. महाळुंगे या दोहोंच्या मधे. या तुकोबांवर प्रभातने १९३६ मध्ये 'संत तुकाराम' काढला. दिग्दर्शक दामले आणि फत्तेलाल, तुकाराम विष्णुपंत पागनीस, जिजाई झालेल्या गौरीबाई. व्हेनिसच्या महोत्सवात या चित्रपटाचा गौरव झाला. तो संताचा चित्रपट, सुपरहिरोचा नाही, हे मला ठाऊक आहे. पण आपला प्रश्न तिथे जसा सोडवला आहे तसा क्वचितच कुठे सोडवला असेल. चमत्कार आहेत, त्या काळच्या तंत्राची कमाल दाखवणारे. आणि त्या प्रत्येक चमत्काराच्या शेजारी जिजाई आहे. घरात दाणा नाही, पोर आजारी, नवरा भजनात. ती पोराला घेऊन देवळात शिरते आणि हातातली वहाण विठ्ठलावर उगारते. चित्रपटातला सर्वांत धीट क्षण तो. अखेरीस विमान येतं, तुकोबा निघतात, आणि जिजाई इथेच राहते. विमान बघून डोळे दिपतात खरे, पण माझ्या आईला तो चित्रपट आठवला की ती बोलायची जिजाईबद्दल. "तिचं पुढं कसं झालं असंल गं," असं शेजारणीला म्हणायची. दामले-फत्तेलाल यांनी घर पुसून नुसतं विमान दाखवलं असतं, तर हा प्रश्न कुणाच्या मनात आलाच नसता.

माझ्या म्हणण्यावरचा सर्वांत वजनदार आक्षेप मात्र वेगळाच आहे, आणि तो लढाईप्रेमी मंडळींकडून येत नाही. काही बायका तो मांडतात. त्यांचं म्हणणं: सुपरहिरोच्या मालिकेतलं घर म्हणजे बाईला खिडकीत उभं करण्याची सोय. तो जग वाचवणार, ती ताट वाढून वाट बघणार. तो जखमी होऊन येणार, ती रडणार. त्याला प्रेरणा हवी म्हणून तिला कुणीतरी पळवून नेणार किंवा मारून टाकणार. घराचं कौतुक करताना तुम्ही याचंच कौतुक करता का?

नाही. आणि हा आक्षेप शंभर टक्के योग्य असलेल्या मालिका मी डझनावारी पाहिल्या आहेत. पण त्यावर औषध घर हाकलून देणं हे नव्हे. घराला स्वतःचं काम आणि स्वतःचा आवाज द्या. लोइस ताट वाढून बसत नाही. ती बातमीमागे लागते, उद्योगपतीचं बिंग फोडते, नवऱ्याशी असहमत होते, त्याला चूक म्हणते. म्हाळसा देवाला घराबाहेर काढते. जिजाई देवावर वहाण उगारते. या तिघींपैकी कुणालाही शक्तीचं भय नाही, आणि म्हणूनच त्या शक्तिमान पुरुषाच्या तोडीच्या आहेत. एखाद्या मालिकेतलं घर खरं आहे की नुसती सजावट, हे ओळखायला मी एकच गोष्ट बघतो: घर नायकाला 'नाही' म्हणू शकतं का, आणि ते 'नाही' म्हणाल्यावर कथेची दिशा बदलते का. बदलत नसेल तर त्या बायकांचा आक्षेप खरा ठरला. बदलत असेल तर ते घर लढाईइतकंच कथेचं मैदान आहे.

पुन्हा त्या बसमधल्या पोराकडे येतो, कारण वाद त्याच्या नावाने घातला जातो. घरचं टेन्शन रोज ऐकतो म्हणून पडद्यावर नको, हे त्याचं म्हणणं मी मनावर घेतलं आहे. त्याला नको आहे ते घर नव्हे. त्याला नको आहे ते सोडवता न येणारं, फोनवरून नुसतं ऐकावं लागणारं घर. गावाकडे आईचं औषध, बहिणीचं लग्न, बापाचं कर्ज, आणि हा इथे रात्रपाळीत. तो इथून काही उचलू शकत नाही. त्याच्यासारखीच अवस्था पडद्यावर एका उडणाऱ्या माणसाची झाली आहे, तोही घरापासून लांब अडकला आहे, त्यालाही आईचा फोन उचलायला जमलेलं नाही, हे जर नीट लिहिलं गेलं, तर त्याचा अंगठा थांबेल अशी माझी खात्री आहे. आजवर त्याच्यासमोर आली ती श्रीमंत घरांची, भल्यामोठ्या दिवाणखान्यांची खोटी टेन्शनं. ती त्याने ढकलली तर योग्यच केलं.

म्हणून माझी मागणी मराठी वाहिन्यांकडे आणि लेखकांकडे आहे. आपल्याला सुपरहिरोची मराठी मालिका करायचीच असेल तर ती मुंबईच्या गगनचुंबी इमारतींत न नेता या पट्ट्यात आणा. नायिका करा. एखाद्या कारखान्यात वायरिंगच्या लाइनवर दुसऱ्या पाळीत काम करणारी, चाळीतल्या एका खोलीत नवऱ्याबरोबर आणि चार वर्षांच्या मुलीबरोबर राहणारी. तिला शक्ती द्या, हवी तेवढी द्या. तळेगाव-चाकण रस्त्यावर उलटणारा कंटेनर तिला एका हाताने थोपवू द्या, ते दृश्य भरपूर पैसे ओतून, डोळे दिपतील असं करा. पण ती कंटेनर थोपवत होती त्या तासात नवराही पाळीवर होता, तेव्हा मुलीला पाळणाघरातून कुणी आणलं, तिला कुणी जेवू घातलं, हेही पहिल्याच भागात दाखवा. ज्या शेजारणीने आणलं तिला नाव द्या, तिचं स्वतःचं काम द्या, आणि चौथ्या-पाचव्या भागात तिला एकदा साफ सांगू द्या की आज मला जमणार नाही, तू तुझं बघ.